ईझाचा मुनवा

थंडी ओसरली, खजुरीच्या माद्यांना फुलांच्या पोया फुटू लागल्या, आणि महजूबच्या झोळीत नराच्या फुलातल्या पिठाची चिमूटसुद्धा नव्हती.

तिनमास्ला गावात नर उरला होता एकच. बाकीचे दोन बायूदनं नेले. बायूद लागला की झाडाच्या एका अंगाच्या झावळ्या राखेसारख्या पांढऱ्या पडतात, मग दुसऱ्या अंगाच्या, आणि वर्षा-दोन वर्षांत उभ्या झाडाचं सरपण होतं. उरलेल्या नराच्या पोया उमलायच्या बेताला आल्या तेवढ्यात वाळवंटाकडून चार दिवस गरम वारं सुटलं. महजूबनं वर चढून एकेक कोश चिरून पाहिला. आत पांढऱ्या फुलांच्या जागी करपलेला भुसा. त्यानं तो बोटांत चोळला, हुंगला, आणि खाली माना वर करून उभ्या असलेल्या लोकांना हात हलवून नाही म्हणून सांगितलं.

माद्या कुणासाठी थांबत नाहीत. पोय उमलल्यावर चार-सहा दिवसांत नराचं पीठ पडलं तर पडलं. नाही तर बोराएवढी, बिनबियांची, तुरट फळं लटकतात आणि ती बकऱ्यासुद्धा नाक मुरडून खातात. गेली चाळीस वर्षं गावच्या सगळ्या माद्यांवर पीठ टाकायचं काम महजूबचं होतं. झाडामागे एक घड त्याचा. गाव त्याला माल्लम म्हणायचं, म्हणजे हाताला अक्कल असलेला माणूस. त्याच्या तळव्यांचं चामडं झालं होतं, आणि डाव्या हाताचं मधलं बोट काटा कुजून कायमचं वाकडं झालं होतं.

अशात नदीपलीकडच्या वस्तीतून त्याचा भाचा बासू मोटारसायकलवर आला.

"मामा, आईनं बोलावलंय. झाडाला पोय आलीय."

महजूब विळ्याला धार लावत होता. "कुठल्या झाडाला?"

"कुठल्या म्हणजे? आजीच्या. तुम्ही दिलेल्या. आई म्हणते, पहिली पोय माझ्या भावाच्याच हातनं फुटली पाहिजे. कालपास्नं घर डोक्यावर घेतलंय."

"कशी आहे पोय? लांब, की आखूड?"

बासू हसला. तो ट्रकवर होता, झाडातलं त्याला काही कळत नव्हतं. "आता ते मला काय कळणार? पानांच्या बेचक्यात तपकिरी काहीतरी आहे खरं. जाडजूड आहे."

महजूबनं विळा दगडावरून उचलला आणि पुन्हा ठेवला. "उद्या येतो म्हणावं," तो म्हणाला.

ईझा हे महजूबच्या आईचं नाव. तिनं लग्न होऊन आल्या वर्षी मोरीपाशी थुंकलेल्या बीतून एक झाड उगवलं. बापानं त्याच्याकडे ढुंकून पाहिलं नाही. बीचं झाड! बीतून काय निघेल हे कुणी सांगावं? निम्मे नर निघतात. माद्या निघाल्या तर कुणाला नुसती साल नि आठळी, कुणाला बकऱ्यांपुढे टाकायची फळं. आईच्या गुणावर जाणारं शंभरात एखादं. म्हणून त्या झाडाच्या बुडाशी कोवळेपणी जे मुनवे, म्हणजे अंगचे कोंब, आले ते बापानं उपटून फेकून दिले. मग एका वर्षी झाडाला पहिला घड लागला. पातळ सालीची, मधासारखी, उन्हात धरली तर पलीकडचं बोट दिसावं अशी फळं. तसली खजूर साऱ्या खोऱ्यात कुणाकडे नव्हती. पुढे बायूद आला, शेजारपाजारची झाडं पांढरी पडून गेली, आणि हे मात्र हिरवंगार उभं राहिलं. आई वारली तेव्हा लोक झाडालाच ईझा म्हणू लागले होते. "यंदा ईझाला किती घड?" असं विचारायचे.

अशा झाडाची बी लावून उपयोग नसतो. मुनवा लावावा लागतो. मुनवा म्हणजे तेच झाड पुन्हा. तीच चव, तीच पानं, रोगाला पुरून उरणारं तेच अंग. पण खजुरीला मुनवे तरुणपणीच येतात, आणि ईझाचं तरुणपण बापानं उपटून टाकलं होतं. त्यानंतर दोनच आले. एक दुष्काळात वाळला. उरला तो शेवटचा.

तो तूदाचा होता. तूदा महजूबची थोरली बहीण; तो तिला लल्ला म्हणायचा. बाप गेल्यावर चार माणसांसमोर ती म्हणाली होती, "मला वाटणी नको. बाग महजूबला राहू दे. मला आईचा तेवढा एक मुनवा द्या." सगळ्यांनी तिची वाहवा केली. महजूबनं मान खाली घातली होती.

मुनवा काढायचा दिवस ठरला. तूदा गाढव घेऊन आली, तिचा नवराही आला, तेव्हा तो जिवंत होता. दोघं घरात जेवायला बसली आणि महजूब बागेत गेला. आदल्या दिवशी पाण्याच्या पाटावर त्यानं बढाई मारली होती: इतर लोक अर्धा दिवस कोरत बसतात, मी तीन घावांत मुनवा सोडवतो. त्यानं बुडाची माती उकरली, आईला मुनवा जिथं जोडलेला असतो ती मान मोकळी केली, छिन्नी लावली. पहिला घाव बसला. दुसराही बसला. तिसऱ्याला छिन्नी आत सरकली आणि कोबीचा गड्डा फुटावा तसा आवाज झाला. मुनव्याचा गाभा उभा चिरला होता. पांढरा, ओला गाभा. गाभा चिरलेला मुनवा जगत नाही हे त्याच्याइतकं कुणालाच ठाऊक नव्हतं.

तो तिथंच बसून राहिला. मग त्याची नजर पाटाच्या काठाकडे गेली. तिथं बीतून आपसूक उगवलेली चार रोपं होती, त्याच उंचीची. त्यानं त्यातलं एक खणून काढलं. रोपाला आईपासून तुटल्याची खूण नसते, म्हणून छिन्नीनं बुडाला एका बाजूनं जखम केली. वर चिखल लिंपला, झावळ्या जुळवून बांधल्या, ओल्या गोणपाटात गुंडाळलं. त्याची बायको इत्तो चहाचा ट्रे घेऊन आली तेव्हा चिरलेला मुनवा त्याच्या पायाशी तसाच पडला होता. तिनं तो पाहिला. गोणपाटातलं रोप पाहिलं. ट्रे जमिनीवर ठेवून ती मागच्या मागं निघून गेली, आणि सहा वर्षांत त्यावर एक शब्द बोलली नाही.

गाढवावर रोप चढवताना तूदानं भावाच्या डोक्यावर ओठ टेकले होते.

दुसऱ्या दिवशी महजूब नदी ओलांडून गेला. नदी म्हणजे गोट्यांचं पात्र. तूदाच्या अंगणात शेजारच्या सात-आठ बायका जमल्या होत्या. चुलीवर पाणी उकळत होतं, ताटात बदाम होते. झाड अंगणाच्या कोपऱ्यात, माणसाच्या छातीइतक्या खोडाचं, झावळ्या चमकणाऱ्या. भोवती आळं असं लिंपलेलं की घरातली जमीनसुद्धा तशी नव्हती.

"आला गं माझा भाऊ!" तूदा उठली. तिच्या गुडघ्यांत कळ होती, भिंतीला धरून उठली. "सहा वर्षं, महजूब! दिवसाला दोन घागरी. विहिरीवरून. विचार हिला."

हिला म्हणजे सुनेला. हद्दा दारात उभी होती. "विचारायला कशाला हवं? ह्या घरात आधी झाडाला पाणी, मग माणसाला. मी म्हटलं, सरकारी कचेरीतनं बाटलीतली झाडं फुकट मिळतात, ती घ्या. एका झाडाच्या गाभ्यातनं हजार काढतात म्हणे, सगळी सारखी. माझी दोन बघा, दोन वर्षं झाली फळं देतात."

"फळं देतात!" तूदा बायकांकडे वळली. "गोड साखरेचं पाणी नुसतं. ईझाची खाल्ली की ही आपली दोन्ही झाडं उपटून टाकील. ह्या वर्षी तुम्हा सगळ्यांच्या घरी एक-एक ओंजळ पोचवीन, माझा शब्द आहे."

महजूब झाडाजवळ गेला. काटे बाजूला सारायच्या आधीच त्याला दिसलं. कोश आखूड होता, मधे फुगलेला. सहा वर्षं तो रोज रात्रीच्या नमाजानंतर एकच मागणं मागत आला होता: निदान मादी निघू दे. कशीही निघू दे, आंबट निघू दे, पण मादी. मादी निघाली असती तर मातीचा दोष म्हणता आला असता, पाण्याचा म्हणता आला असता. त्यानं कोश अंगठ्यानं दाबला. आत करकर वाजलं. नराचाच कोश असा वाजतो.

"काय म्हणतेय?" मागून तूदा म्हणाली.

"लल्ला, ही ठेवायची नाही," तो म्हणाला. "पहिलटकरणीची पहिली पोय खुडतात. झाडाला भार होतो."

"खुडतात? मग यंदा फळ नाही?"

"पुढच्या वर्षी."

बायका एकमेकींकडे बघू लागल्या. कुणीतरी हळूच हसलं. तूदाचा चेहरा पडला, पण मान तिनं ताठ ठेवली. "माल्लम म्हणतो तर खरंच असणार," ती बायकांना म्हणाली. मग भावाला, "खुड बाबा. पण मला उघडून दाखव तरी. आईची फुलं एकदा बघू दे."

"उघडायची नसते. उघडली तर पुढच्या पोया जळतात."

चाळीस वर्षांत असलं काही त्यानं कुणाकडून ऐकलं नव्हतं. ते आत्ता त्याच्याच तोंडातून निघालं होतं. त्यानं विळ्यानं कोश कापला आणि झटकन झोळीत टाकला. चहा न घेताच निघाला. मागे हद्दाचा आवाज आला, "ओंजळ तेवढी विसरू नका हं, सासूबाई!" आणि बायकांचं हसू.

नदीच्या मधोमध तो एका धोंड्यावर बसला. कोश काढला. गोट्यांत पुरून टाकावा म्हणून खड्डाही उकरला. पण कोश तडकला होता, आणि दळलेल्या गव्हासारखा वास सुटला होता. पीठ भरगच्च होतं. गावात तीसेक माद्या पिठावाचून उघड्या होत्या. हात गावासाठी थांबला की माल्लमपणासाठी, हे त्यालाही नीट सांगता आलं नसतं. त्यानं कोश फडक्यात गुंडाळला आणि गावात आणला.

चार दिवस तो झाडांवर होता. कमरेला दोर, पाठीवर झोळी. मादीचा कोश फोडायचा, पिवळ्या मण्यांच्या लडी मोकळ्या करायच्या, नराच्या दोन काड्या त्यात उलट्या खोचायच्या, झावळीच्या पट्टीनं सैल गाठ मारायची. खालून लोक दुवा देत होते.

"माल्लम, कुठून पैदा केलंस रे?"

"झागोऱ्याच्या बाजारातनं."

"माणूस आहे की कोण! चाळीस कोस गेला गावासाठी!"

खोडाला छाती घासत होती, आणि प्रत्येक झाडावरून उतरताना तो दुसऱ्या बाजूनं उतरत होता, म्हणजे कुणाच्या तोंडाला तोंड द्यायला नको.

इत्तो त्याचा जलाबा, म्हणजे पायघोळ झगा, धुवायला घेऊन बसली. निळ्या कापडावर छातीपासून मांडीपर्यंत पांढरं पीठ बसलं होतं. तिनं ते नखानं खरवडलं आणि नाकाशी नेलं.

"तू झागोऱ्याला गेलाच नाहीस," ती म्हणाली.

महजूब भाकरीचा तुकडा तेलात बुडवत होता. तो तसाच हातात राहिला.

"नर निघाला ना?"

"हो."

"दर ईदेला ती मला मिठी मारते. म्हणते, इत्तो, तुझ्या नवऱ्यानं मला आई परत दिली. सहा वर्षं मी ती मिठी अंगावर घेतेय." तिनं जलाबा पाण्यात दाबला. "मला आता नाही जमायचं. पुढच्या ईदेला मी दार लावून बसणार."

"काय सांगू तिला? दुसरा मुनवा आहे का द्यायला? ईझा म्हातारी झाली. सांगून काय हातात देऊ?"

"काहीच देऊ नकोस. नुसतं जाऊन सांग."

"उद्या जातो," महजूब म्हणाला.

तो दुसऱ्या दिवशी गेला नाही. तिसऱ्या दिवशीही नाही. झाडांचं काम आहे, हे कारण रोज खरंच होतं. पिठाच्या काड्या संपत आल्या आणि अजून निम्म्या माद्या बाकी होत्या, तेव्हा तूदाच आली.

पाटावर पाण्याच्या पाळीची वाट बघत दहा-बारा माणसं बसली होती. त्यांत महजूबही होता. गावातला सगळ्यात वयस्क माणूस, बा अद्दी, भिंतीला टेकून ऊन खात होता. नदीकडून गाढव येताना दिसलं. तूदा गाढवावर बसली नव्हती, बाजूनं चालत होती. गाढवावर टोपली होती आणि टोपलीवर कापड. ती सरळ पुरुषांत आली, सलाम केला, टोपली उतरवून भावापुढे ठेवली आणि कापड काढलं. चार पोया, पूर्ण उमललेल्या. मेणासारखी पांढरी गच्च फुलं. टोपलीच्या तळाशी पीठ साचलं होतं.

"हे काय आहे, महजूब?"

तो उभा राहिला. "नराच्या पोया."

"माझ्या झाडाच्या आहेत. आपोआप उमलल्या. सकाळी हद्दानं शेजारच्या सगळ्या बायकांना हाक मारून दाखवल्या. म्हणाली, या गं, सासूबाईंच्या आईला मिशा फुटल्यात."

एक-दोघं हसले आणि लगेच गप्प झाले.

"सांग मला. मला झाडातलं कळत नाही. मादीच्या मुनव्याला नर कसा निघतो?"

"होतं कधीकधी," महजूब म्हणाला. "पाणी बदललं, माती बदलली... झाड फिरतं कधीकधी."

बा अद्दीनं डोळे उघडले. "काय म्हणालास?"

महजूब वाकून टोपलीतल्या पोया सारख्या करू लागला.

"नव्वद वर्षं झाली मला," बा अद्दी म्हणाला. "मुनवा फिरलेला मी बघितला नाही. हाताचं बोट फिरून पायाचं होईल का? बी फिरते. मुनवा नाही. माल्लम, तू ह्या बाईला काय दिलंस?"

पाटातलं पाणी वाहत होतं. कुणाची तरी पाळी सुरू झाली होती, पण पाटाचं दार उघडायला कुणी उठलं नाही.

"बीचं," महजूब म्हणाला.

"मोठ्यानं बोल."

"बीचं रोप दिलं. पाटाच्या काठचं. मुनवा माझ्या हातनं फुटला. तिसऱ्या घावाला. ती आत जेवत होती. मी... मला लाज वाटली सांगायची. मग हे दिलं." तो बहिणीकडे बघू शकला नाही, टोपलीकडे बघून बोलत राहिला. "पहिली पोय खुडायला आलो ना लल्ला, ती पण नरच होती. मला कळलं होतं. झागोऱ्याहून काही आणलं नाही. ह्या सगळ्यांच्या झाडांवर तुझंच पीठ पडलंय."

तूदानं विचारलं, "आणि आईचा मुनवा? फुटलेला?"

"गाडला."

"कुठं?"

"उकिरड्यापाशी."

ती मटकन पाटाच्या कडेवर बसली. रडली नाही. तळहात मांडीवर उताणे ठेवून बसली होती. घागरीच्या कडीनं त्यांना घट्टे पडले होते. महजूब त्या हातांकडे बघत उभा राहिला. "फुटला म्हणून सांगितलं असतंस," ती म्हणाली, "तर मी एक दिवस रडले असते. एकच दिवस. आणि तुझ्याचकडे जेवून घरी गेले असते."

"माझी बाग घे," तो म्हणाला. "तुझी वाटणी घे. आज लिहून देतो, ह्या लोकांसमोर."

"बाग घेऊन काय करू? माझ्यानं रोज नदी ओलांडवत नाही." ती उठली, टोपलीवर पुन्हा कापड घातलं. "ऐका सगळे. तुमच्या माद्या उघड्या पडल्यात, मला दिसतंय. पीठ मी देणार. ह्यात त्या झाडांचा काय गुन्हा? उद्या उरलेल्या पोया पण बासूच्या हाती पाठवते. पण प्रत्येक झाडाखाली, ज्याचं झाड त्यानं ह्याला विचारायचं, पीठ कुठलं. आणि ह्यानं सांगायचं. जसं आत्ता सांगितलं तसं. न विचारता चढला तर त्याला खाली उतरवा."

बा अद्दीनं मान हलवली. "तसंच होईल, बाई."

दुसऱ्या दिवसापासून महजूब पुन्हा झाडांवर चढू लागला.

पहिलं झाड विधवा मीनाचं होतं. ती बिचारी त्याच्याहून जास्त संकोचली. पदर तोंडावर ओढून, जमिनीकडे बघत तिनं विचारलं, "माल्लम, पीठ कुठलं?" तो दोर कमरेला बांधत होता. "माझ्या बहिणीच्या झाडाचं," तो म्हणाला. "आईचा मुनवा म्हणून मी तिला बीचं झाड दिलं होतं, त्याचं." झाडावर चढताना पहिल्यांदाच त्याचा पाय खवल्यावरून सरकला.

दुसऱ्या झाडाखाली दोघं भाऊ होते. एकानं विचारलं, दुसऱ्यानं तोंड फिरवलं. तिसऱ्याकडे घरातली सगळी बसली होती, तमाशा बघायला बसावं तशी; ते एकदा ऐकून म्हणाले, "आजोबांना ऐकू आलं नाही, परत सांग." त्यानं परत सांगितलं. आजोबांना व्यवस्थित ऐकू येत होतं.

संध्याकाळपर्यंत सात झाडं झाली. सात वेळा सांगून वाक्य सोपं होईल असं त्याला वाटलं होतं. तसं झालं नाही.

तिसऱ्या दिवशी हम्मादीकडे गेला, तेव्हा हम्मादीनं नुसतं विचारलं नाही. तो कुदळ घेऊनच उभा होता. "माल्लम, चार वर्षांमागं तू माझ्याकडं नदीकाठचे पाच मुनवे लावलेस. ते काय आहेत?"

"मुनवेच आहेत, हम्मादी. अल्लाशपथ."

"शपथ ठेव बाजूला. तूदाला पण तू शपथेवरच दिला असशील." त्यानं कुदळीनं एका कोवळ्या झाडाच्या बुडाची माती ओढली. "दाखव मला. तुटल्याची खूण कुठं आहे दाखव."

महजूब गुडघ्यावर बसला. हातानं माती उकरली, मुळं बाजूला सारली, जुन्या जखमेचा कठीण काळा वण दाखवला. हम्मादी वाकून बघत राहिला. "खूण तू करू पण शकतोस ना? तिच्या रोपाला केली होतीस." महजूब पुढच्या झाडाकडे सरकला. पाचही झाडांची बुडं उकरून दाखवल्यावरही हम्मादी एवढंच म्हणाला, "बघू. पोय येईल तेव्हा कळेल."

त्या दिवसानंतर गावात जिकडे तिकडे उकरलेली आळी दिसू लागली. गेल्या दहा वर्षांत महजूबनं लावलेल्या प्रत्येक झाडाचं बूड लोक उघडून बघत होते. ती सगळी झाडं खरी होती. त्यानं आयुष्यात एकदाच खोटं झाड दिलं होतं. हे तो कुणाला सांगायला गेला नाही. पाटावर तो आला की माणसं बोलत राहायची, पण माल्लम म्हणायचं सोडून दिलं होतं. नुसतं महजूब म्हणायचे.

घरी इत्तोनं त्याच्या तळव्यांना तेल लावलं. पाय सरकून सरकून कातडं फाटलं होतं.

"किती राहिली?" तिनं विचारलं.

"एकच. आपली."

ईझाच्या पोया नेहमीच सगळ्यांत शेवटी उमलत. उंच झाड, वर पोचायला तरुणपणी त्याला चार घोट पाणी पिण्याइतका वेळ लागायचा, आता मधे दोनदा थांबावं लागे. सकाळी दोर घेऊन तो झाडाखाली गेला तर तिथं तूदा उभी होती. बासूनं मोटारसायकलवर आणलं होतं. तिच्यामागे, जरा लांब, हद्दा उभी होती, आणि तिच्या हातात सासूची काठी होती.

महजूबनं सलाम केला. तूदानं घेतला. ती झाडाच्या खोडाला हात लावून उभी होती आणि त्याच्याकडे बघत नव्हती. तो थोडा वेळ तसाच थांबला, ती काही विचारते का बघत. तिनं विचारलं नाही. मग तो चढला.

वर वारं होतं. झावळ्या एकमेकींवर आपटत होत्या. त्यानं पाय रोवले, दोरावर अंग टाकलं, पहिला कोश फोडला. पिवळ्या लडी बाहेर आल्या, ओल्या, घट्ट. तो झोळीतून काड्या काढणार, इतक्यात खालून हाक आली.

"महजूब!"

त्यानं खाली पाहिलं. इतक्या उंचावरून ती लहान दिसत होती, मान पूर्ण मागे टाकलेली, डोळ्यांवर हात धरलेला.

"पीठ कुठलं?"

त्यानं दोर घट्ट धरला. गावात चौदा झाडांखाली त्यानं हे सांगितलं होतं. ज्याच्या त्याच्या दारात, परक्यांना. तिला असं कधी सांगितलंच नव्हतं. त्या दिवशी पाटावर तो टोपलीशी बोलला होता.

"लल्ला, तुझ्या झाडाचं," तो म्हणाला. "मी तुला आईचा मुनवा म्हणून बीचं झाड दिलं. मी फसवलं तुला."

"ऐकू येत नाही. वारं आहे."

त्यानं श्वास घेतला आणि बहिणीकडे बघत, साऱ्या बागांना ऐकू जाईल असं ओरडून पुन्हा सांगितलं.

खाली तूदानं डोळ्यांवरचा हात काढला.

"आलं ऐकू," ती म्हणाली. "टाक आता. उन्हं चढायच्या आत टाक."

आणि ती काठीसाठी सुनेकडे हात करून बागेबाहेर चालू लागली. महजूबनं काड्या लडींत खोचल्या. गाठ मारायला झावळीची पट्टी ओढली, पण ती गाठ त्याला तीनदा मारावी लागली.